हेक्टरांत न मावणारी आग : टास्मानिया, जानेवारी २०१६

१३ जानेवारी २०१६ रोजी ऑस्ट्रेलियाच्या दक्षिणेकडच्या टास्मानिया बेटावरून विजांचं एक वादळ गेलं. विजा पुष्कळ, पाऊस मात्र नावापुरता. वादळ पुढे सरकलं आणि मागे बेटाच्या पश्चिम व मध्य भागात, रस्ते नसलेल्या डोंगराळ मुलखात, ठिकठिकाणी धूर उठू लागला. तिथून मार्चच्या मध्यापर्यंत राज्यात १४५ वणव्यांची नोंद झाली आणि सुमारे १ लाख २६ हजार ८०० हेक्टर भूभाग जळाला. त्यातले सुमारे १९ हजार ८०० हेक्टर ‘टास्मानियन वाइल्डरनेस’ या जागतिक वारसा क्षेत्रातले. हे क्षेत्र आहे साधारण १५ लाख ८० हजार हेक्टरांचं. म्हणजे जळालेला वाटा निघतो १.३ टक्के.

आकडा बरोबर आहे. चौकशी अहवालांत तो आहे आणि त्या वर्षीच्या सार्वजनिक चर्चेतही तो वारंवार आला. तरीही या प्रकरणात सर्वांत जास्त दिशाभूल याच आकड्याने केली, असं माझं मत आहे. जळालेल्या जागेतला मोठा भाग पाच-दहा वर्षांत पुन्हा हिरवा होणारा होता, आणि एक लहानसा भाग असा होता की तो माणसाच्या हिशेबात परत येणारच नाही. दोन्हींची बेरीज करून टक्केवारी काढली की दुसरा भाग दिसेनासा होतो. आग विझवण्याचे निर्णय, पैशांची वाटणी, नंतरची चर्चा या सगळ्यांवर त्या बेरजेची सावली पडते. म्हणून हे प्रकरण सविस्तर मांडतो आहे.

जमीन कशी आहे

टास्मानियाचा पश्चिम भाग भिजलेला मुलूख आहे. दक्षिण महासागरावरून येणारे पश्चिमी वारे इथल्या डोंगरांवर आदळतात आणि काही ठिकाणी वर्षाला अडीच हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो. राजधानी होबार्ट पर्वतांच्या पलीकडे पर्जन्यछायेत आहे, तिथे जेमतेम सहाशे. सह्याद्रीचा घाटमाथा आणि पलीकडचा माण-खटाव ज्याने पाहिला आहे, त्याला हा फरक वेगळा समजावून सांगायला नको. पण एक गोष्ट आपल्यापेक्षा वेगळी आहे. तिथे पाऊस चार महिन्यांत कोसळून थांबत नाही, वर्षभर झिमझिमत राहतो. थंडी आणि ओल यांमुळे मेलेली झाडं-पानं पूर्ण कुजत नाहीत. त्यांचा काळा, स्पंजासारखा थर साचत जातो. हा पीट. हजारो वर्षांत साचलेला हा थर म्हणजेच तिथली माती. त्याखाली बऱ्याच ठिकाणी थेट खडी नाहीतर खडक लागतो.

या मातीवर दोन अगदी भिन्न स्वभावांच्या वनस्पती शेजारी-शेजारी राहतात. एक बटनग्रासची माळरानं. हे जाड बुंधक्यांचं गवत आगीला सरावलेलं आहे. पावसानंतर एखाद-दोन दिवसांतही ते पेटू शकतं आणि जळलं तरी बुडख्यातून फुटतं. दुसरी आहेत गोंडवन महाखंडाच्या काळापासून चालत आलेल्या कुळांची झाडं : पेन्सिल पाइन, किंग बिली पाइन, ह्युऑन पाइन, आणि हिवाळ्याआधी पानं पिवळी-तांबडी करून गाळणारा ‘फेगस’ नावाचा बीच. पेन्सिल पाइन आणि किंग बिली पाइन ज्या प्रजातीगटात येतात, तो ॲथ्रोटॅक्सिस गट आज जगात फक्त टास्मानियात उरला आहे. भारतही त्याच महाखंडाचा तुकडा. चंद्रपूर-वणीच्या खाणींतून निघणारा कोळसा त्या प्राचीन भूमीवरच्या जंगलांचाच आहे. आपल्याकडे त्यांचा दगड झाला. टास्मानियाच्या डोंगरमाथ्यांवर नंतरच्या गोंडवनी रानाचे वंशज अजून उभे आहेत.

पेन्सिल पाइन हजार वर्षांहून अधिक जगू शकतो. त्याची साल पातळ असते आणि वाढ अतिशय संथ. बी दरवर्षी धरत नाही, काही वर्षांच्या अंतराने एखाद्या हंगामात भरघोस येतं आणि पडतं ते आईच्या झाडाच्या आसपासच. काही ठिकाणी मुळांतून नवे फुटवे येऊन एकाच झाडाचं बन तयार होतं. आगीत टिकण्याची कोणतीही युक्ती या झाडाकडे नाही. निलगिरीच्या जातींना जाड साल असते, काहींचं बी आगीनंतरच मोकळं होतं. पेन्सिल पाइनला तसं काही शिकण्याची गरजच कधी पडली नव्हती, कारण तो राहतो तिथे जमीन सहसा वाळत नसे.

त्या उन्हाळ्याआधी

२०१५ साली प्रशांत महासागरात जोरदार एल निनो होता आणि हिंदी महासागराचा तापमान-झोकाही, म्हणजे त्याच्या पूर्व आणि पश्चिम भागांच्या तापमानातला फरकही, ऑस्ट्रेलियाचा पाऊस ओढून नेणारा होता. त्या वर्षी महाराष्ट्रातही दुष्काळ होता. मराठवाड्याचं ते साल वाचकांना आठवत असेल, लातूरला पुढे रेल्वेने पाणी न्यावं लागलं. टास्मानियात सप्टेंबर ते नोव्हेंबर २०१५ हा वसंत ऋतू नोंदी सुरू झाल्यापासूनचा सर्वांत कोरडा ठरला.

कोरडेपणा किती खोल गेला होता, याचा अंदाज विजेच्या टंचाईवरून येतो. टास्मानिया मुख्यतः जलविद्युतवर चालतं. धरणांची पातळी खाली जात असतानाच २० डिसेंबर २०१५ रोजी बेटाला मुख्य भूमीशी जोडणारी समुद्राखालची ‘बासलिंक’ केबल बिघडली. ती दुरुस्त व्हायला जून उजाडला. एप्रिलअखेर धरणांमधला साठा तेरा टक्क्यांच्या खाली गेला होता आणि सरकारला डिझेलवर चालणारे जनरेटर आणून बसवावे लागले. ही हकीकत बहुतेकदा ऊर्जासंकट म्हणून स्वतंत्र सांगितली जाते. मला ती वणव्यांच्या गोष्टीचाच भाग वाटते. ज्या पठारावरचं पाणी धरणांत उतरत नव्हतं, त्याच पठारावरचा पीट वाळत होता.

वाळलेला पीट म्हणजे जळण. एरवी वीज पडून झाड पेटलं तरी खालची ओली माती आग गिळून टाकते. त्या जानेवारीत मातीच पेटायला तयार होती.

कोरडी वीज

आपल्याकडे वणवा म्हटला की कारण माणूस, हे जवळजवळ गृहीतच असतं. मोहाची फुलं वेचायला झाडाखालचा पाला जाळणं, तेंदूला नवी पालवी यावी म्हणून लावलेली आग, चांगलं गवत येतं या समजुतीने पेटवलेला डोंगर, कुणाची तरी विडी. वीज पडते ती बहुधा वळवाच्या सरींसोबत, आणि पेटलेलं तीच सर विझवते. त्यामुळे विजेने लागलेले आणि महिनाभर चाललेले वणवे ही आपल्याला दूरची गोष्ट वाटते.

टास्मानियातही ती दूरचीच होती. वारसा क्षेत्रातल्या विसाव्या शतकातल्या आगी प्रामुख्याने माणसांनी लावलेल्या होत्या : खाणींचा शोध घेणारे, मेंढ्या चारणारे, लाकूडतोडे, निष्काळजी पर्यटक. १९६०-६१ च्या उन्हाळ्यात मध्य पठारावर पसरलेल्या आगीत पेन्सिल पाइनचा सुमारे दहावा हिस्सा गेला. किंग बिली पाइनचं क्षेत्र तर युरोपीय वसाहतीनंतर साधारण एक तृतीयांशाने घटलं. पुढे उद्यानांमध्ये उघड्यावर शेकोटी पेटवायला बंदी आली, लोक शिकले, माणसांमुळे लागणाऱ्या आगी घटल्या. त्यांची जागा विजेने घेतली. १९८० पासूनच्या नोंदी तपासणाऱ्या टास्मानिया विद्यापीठातल्या अभ्यासकांना दिसलं की २००० नंतर वारसा क्षेत्रात विजेने लागणाऱ्या आगी वाढल्या आणि जळालेल्या क्षेत्रातला मोठा वाटा त्यांचाच झाला.

यातली यंत्रणा समजून घ्यायला हवी. ढगाचा तळ खूप उंचावर असला आणि खालची हवा कोरडी असली, तर थेंब जमिनीवर पोचण्याआधीच वाटेत सुकतात. वीज मात्र पोचते. पीटवर पडलेली वीज लगेच ज्वाळा करतेच असं नाही. ठिणगी मातीत उतरते, कित्येक दिवस धुमसत राहते आणि वारा सुटला की वर येते. त्यामुळे वादळानंतर आकाशातून पाहणी केली आणि धूर दिसला नाही, तरी आग नाही असं म्हणता येत नाही. उन्हाळ्यात विजा याआधीही पडत होत्या. फरक पडला तो विजेखालच्या जमिनीत.

लेक मॅकेंझी

वारसा क्षेत्राची सर्वांत मोठी हानी मध्य पठाराच्या उत्तर कडेला, लेक मॅकेंझीच्या आसपास झाली. समुद्रसपाटीपासून अकराशे मीटरहून उंच असलेला हा तलाव जलविद्युत योजनेचा भाग आहे. तिथवर रस्ताही जातो. शेजारी ‘वॉल्स ऑफ जेरुसलेम’ हे राष्ट्रीय उद्यान, तिथली पेन्सिल पाइनची बनं जगप्रसिद्ध आहेत.

या पठारावर झाडांइतकीच मोलाची दुसरी एक गोष्ट आहे. वनस्पतिशास्त्रज्ञ तिला कुशन प्लांट म्हणतात. वेगवेगळ्या कुळांतल्या बुटक्या वनस्पती एकमेकींना इतक्या घट्ट चिकटून वाढतात की त्यांचा कडक, गोलसर, हिरवा ढीग तयार होतो. वारा आणि हिम झेलण्याची ही त्यांची रीत. हे ढीग पाणी अडवतात, त्यांच्यामागे छोटी डबकी साचतात, डबक्यांच्या काठाने शेवाळ आणि पीट वाढतो. पठाराची पाणीव्यवस्था बऱ्याच ठिकाणी अशा जिवंत बांधांवर उभी आहे. बूट पडला तरी व्रण कित्येक वर्षं राहतो, म्हणून पायवाटांवर लाकडी फळ्या टाकलेल्या असतात.

आग या सगळ्यावरून गेली. छायाचित्रकार आणि निसर्गप्रेमी डॅन ब्राउन जानेवारीच्या शेवटी चालत तिथे पोचला आणि त्याने टिपलेली दृश्यं जगभर पसरली. पांढऱ्या राखेत उभे काळे बुंधे, जळून कोळसा झालेले कुशनचे ढीग, उघडी पडलेली खडी. ती चित्रं बाहेर येईपर्यंत वणव्यांच्या बातम्यांत वस्त्या, रस्ते आणि धूर होता. आत नेमकं काय जळत आहे, हे त्या चित्रांनी लोकांना कळलं. विद्यापीठातले अग्निपरिसंस्थेचे अभ्यासक डेव्हिड बोमन यांनी त्याच दिवसांत स्पष्ट सांगितलं की हे हवामानबदलाशी जोडलेलं आहे आणि अशा आगी पुन्हा येतील. त्या चित्रांचा वापर राज्याची बदनामी करायला होतो आहे, अशी तक्रारही झाली. टास्मानियाची पर्यटनातली ओळखच मुळी निर्मळ रानाची, त्यामुळे ती तक्रार का झाली ते समजतं. पण ती चित्रं नसती तर १.३ टक्क्यांच्या आत काय दडलं आहे, हे किती जणांनी विचारलं असतं?

नंतरच्या पाहणीत जे दिसलं ते अपेक्षेप्रमाणेच वाईट होतं. ज्या पेन्सिल पाइनांना आगीची धग थेट बसली त्यांतले बहुसंख्य मेले. नवी रोपं जवळपास नव्हतीच. जिथे पीट खोलवर जळाला तिथे बी रुजायला माती उरली नाही. जिथे माती उरली तिथे वॉलबी, म्हणजे कांगारूसारखे लहान प्राणी, कोवळे कोंब खातात. त्यात बी देणारी झाडंच गेली, आणि हे बी वाऱ्याने लांब जाणारं नाही. पठारावरची माती एकदा उघडी पडली की रात्रीचं दहिवर गोठून ती उचकटते आणि दिवसा वारा तिला उडवतो. म्हणजे हानी आग विझली त्या दिवशी थांबत नाही.

विझवायची कशी

इथे टास्मानियाच्या अग्निशमन आणि वन यंत्रणांची बाजू नीट सांगायला हवी, कारण बाहेरून त्यांच्यावर बोट ठेवणं सोपं होतं. जेमतेम पाच लाखांच्या राज्यात एकाच दिवशी डझनावारी आगी लागल्या. जळालेल्या एकूण क्षेत्राचा मोठा भाग वायव्येकडे होता. तिथे वस्त्या, शेतं आणि किनाऱ्यावरची घरं धोक्यात होती. फायर सर्व्हिस, पार्क्स अँड वाइल्डलाइफ सर्व्हिस आणि सरकारी वन महामंडळ या तिन्ही संस्था एकत्र काम करत होत्या. मुख्य भूमीवरून आणि न्यूझीलंडहून कुमक आली. इतक्या आगींत एकही माणूस दगावला नाही. हे यश मोठं आहे आणि ते आधी मोजायला हवं.

माणूस आधी, याबद्दल कुणाचं दुमत नाही. वाद आहे तो पुढच्या पायरीचा. माणसांनंतर काय? रूढ क्रम असा की माणसांनंतर मालमत्ता आणि मालमत्तेनंतर निसर्ग. विमा असलेली झोपडी पुन्हा बांधता येते. लागवडीचं झाड वीस-तीस वर्षांत पुन्हा उभं राहतं. हजार वर्षांच्या बनाला दुसरी संधी नाही. रूढ क्रमात या फरकाला जागाच नव्हती. वारसा क्षेत्रातल्या वनस्पतींचे नकाशे उपलब्ध होते, आगीला कोणता पट्टा हळवा आहे हे ठाऊक होतं. तरी पहिल्या तासांत हेलिकॉप्टर कुठे जाणार, हे ठरवताना त्या नकाशाचं वजन कमी पडलं.

आणि समजा हेलिकॉप्टर वेळेवर पोचलं, तरी पुढे काय करायचं हा प्रश्न सोपा नाही. आपल्याकडे वनखातं उन्हाळ्याआधी जाळरेषा काढतं, गवत पट्ट्यापट्ट्याने जाळून आगीचा रस्ता तोडतं. पीटच्या पठारावर बुलडोझर फिरवून पट्टा काढला, तर तो पट्टाच शंभर वर्षांची जखम होतो. विमानातून टाकायची लाल रसायनं अमोनियम फॉस्फेटसारख्या क्षारांची असतात, म्हणजे एका अर्थी खतच. इथली माती अत्यंत निकस आहे आणि इथल्या वनस्पती त्या निकसपणावरच जगतात. तिथे खत पडलं की बाहेरचं तण शिरायला वाट मिळते. निव्वळ पाणी टाकावं म्हटलं तर ते शेजारच्या तलावातून उचलायचं, आणि एका खोऱ्यातलं पाणी दुसऱ्यात नेताना बेडकांना मारणारी कायट्रिड बुरशी किंवा मुळं कुजवणारी फायटोफ्थोरा सोबत जाण्याचा धोका. धुमसता पीट वरून पाणी ओतून विझतही नाही. माणसांना हेलिकॉप्टरमधून दोरीने खाली सोडावं लागतं, हातांनी खणावं लागतं, प्रत्येक धगधगता खळगा भिजवून पुन्हा हात घालून तपासावा लागतो. दिवसभरात एखादी तुकडी काही शे मीटर कडा सुरक्षित करते. त्या माणसांचे कष्ट किती मोठे होते, ते कोणत्याही आकड्यात आलेले नाही.

स्प्रिंकलरचा मार्ग त्यातल्या त्यात कमी हानीचा. हळव्या बनाच्या कडेने नळ्या टाकायच्या, जवळच्या तलावातून पंपाने पाणी ओढायचं आणि आग येण्याआधीच पट्टा भिजवून ठेवायचा. २०१६ मध्ये हे अगदी मर्यादित प्रमाणात झालं. साहित्य हवं, ते उचलून नेणारं हेलिकॉप्टर हवं, पाणी जवळ हवं आणि सर्वांत महत्त्वाचं म्हणजे आग अजून दूर असताना निर्णय व्हायला हवा.

‘नैसर्गिक आहे, जळू द्या’

वीज निसर्गाची आहे, मग तिने लावलेली आगही निसर्गाचीच, आणि रक्षित रानात माणसाने ढवळाढवळ का करावी, असा प्रश्न प्रामाणिकपणे विचारला जातो. जगात काही जंगलांसाठी हे धोरण योग्यही आहे. अमेरिकेतल्या यलोस्टोनमध्ये १९८८ साली प्रचंड आगी लागल्या आणि तिथला लॉजपोल पाइन, ज्याची बंद फळं आगीच्या उष्णतेने उघडतात, पुन्हा दाट उगवला. तो नियम पेन्सिल पाइनला लावता येत नाही. त्याच्या हजार वर्षांच्या आयुष्यात त्याच्या पायाखालची जमीन अशी वाळली असती, तर तो हजार वर्षांचा झालाच नसता. झाडाचं वय हाच तिथल्या हवामानाचा पुरावा आहे.

शिवाय हे रान माणसाशिवाय घडलेलंही नाही. पालावा, म्हणजे टास्मानियाचे आदिवासी, इथे सुमारे चाळीस हजार वर्षांपासून आहेत. बटनग्रासची माळरानं मोकळी राहिली त्यात त्यांच्या आगीचा हात आहे. योग्य ऋतूत, भोवतालचं रान ओलं असताना, लहान लहान तुकडे जाळायचे, म्हणजे शिकारीला मोकळं गवत आणि चालायला वाट मिळते. पेटत्या माळाला लागून गोंडवनी बनं इतकी सहस्रकं टिकली, ती या हिशेबी जाळण्याच्या शेजारी. एकोणिसाव्या शतकात पालावांना त्यांच्या भूमीवरून हिंसेने हुसकावलं गेलं आणि ती जाळण्याची रीतही खंडित झाली. माळांवर जळण साचत गेलं. आज पार्क्स सर्व्हिस शरद आणि वसंत ऋतूंत ठरवून माळ जाळते आणि पालावा समाजाला या कामात परत आणण्याची भाषा अधिकृत कागदांतही आली आहे. ती भाषा प्रत्यक्षात उतरावी असं मला मनापासून वाटतं. मात्र त्याने सगळा प्रश्न सुटेल असं नाही. माळ जाळून उंच पठाराकडे जाणारी आग अडवता येते, थेट पठारावर पडणारी वीज अडवता येत नाही.

चौकश्या, आणि त्यांनंतर

२०१६ साली या प्रकरणाच्या तीन वेगवेगळ्या तपासण्या झाल्या. एप्रिलमध्ये ऑस्ट्रेलेशियातल्या अग्निशमन संस्थांच्या परिषदेने प्रत्यक्ष कारवाईचा आढावा दिला. त्याचा एकंदर सूर असा की यंत्रणा एकजुटीने आणि चांगलं लढली, दुर्गम भागात उतरू शकणारं मनुष्यबळ वाढवायला हवं. डिसेंबरमध्ये डॉ. टोनी प्रेस यांच्या नेतृत्वाखालचा वारसा क्षेत्र आणि हवामानबदल या विषयावरचा अहवाल आला. तिसरी चौकशी सिनेटची, म्हणजे संघराज्याच्या संसदेतल्या वरिष्ठ सभागृहाची.

मला यातला प्रेस अहवाल सर्वांत महत्त्वाचा वाटतो, कारण त्याने प्रश्न एका उन्हाळ्यापुरता ठेवला नाही. जमीन अधिक वेळा वाळेल, आगीचा हंगाम लांबेल, आणि म्हणून या क्षेत्रासाठी स्वतंत्र अग्निव्यवस्थापन आराखडा, लवकर शोध, लवकर हल्ला आणि कोणती मूल्यं आधी वाचवायची याची आधीच ठरलेली यादी हवी, असं त्याने मांडलं. आग लागल्यावर बसून यादी करता येत नाही, एवढी साधी गोष्ट त्यामुळे कागदावर आली.

परीक्षा लवकरच झाली. डिसेंबर २०१८ च्या अखेरीस नैर्ऋत्येकडे गेल नदीच्या खोऱ्यात वीज पडून आग लागली. सुरुवातीला ती आटोक्यात आल्यासारखी दिसली, मग निसटली, आणि ४ जानेवारी २०१९ रोजी तिच्या धुराने होबार्टचं आकाश नारिंगी झालं. जानेवारीच्या मध्यात आणखी एक कोरडं वादळ आलं. त्या हंगामात राज्यात सुमारे दोन लाख हेक्टर जळाले, त्यातले सुमारे ९५ हजार वारसा क्षेत्रातले. क्षेत्रफळाने पाहिलं तर २०१६ च्या जवळजवळ पाचपट. पण या वेळी लेक ऱ्होनासारख्या ठिकाणी हळव्या बनांभोवती स्प्रिंकलर लागले, रसायनांचा वापरही तोलून-मापून झाला, आणि आगीला हळव्या वनस्पतींची हानी एकूण जळिताच्या मानाने फारच थोडी राहिली. हेक्टरांच्या तक्त्यात २०१९ हे भयंकर साल आणि २०१६ किरकोळ. पेन्सिल पाइनच्या बाजूने पाहिलं तर क्रम उलटा लागतो. माझा मुद्दा याहून स्पष्ट मला मांडता येणार नाही.

आपल्याकडेही हीच चूक सर्रास होते. कास पठार २०१२ पासून पश्चिम घाटाच्या जागतिक वारसा यादीत आहे. अशा सड्यांवर काही इंच मातीत उगवणाऱ्या वनस्पती इतरत्र नाहीत. तरी वणव्याच्या बातमीत सडा आणि सागाची लागवड एकाच ‘इतके हेक्टर क्षेत्र जळून खाक’ या वाक्यात बसवली जाते.

फेब्रुवारी २०२५ मध्ये टास्मानियाच्या पश्चिम किनारपट्टीकडे पुन्हा कोरड्या विजा पडल्या. आगी कित्येक आठवडे चालल्या, जळालेलं क्षेत्र एक लाख हेक्टरच्या आसपास गेलं, प्रसिद्ध ओव्हरलँड ट्रॅकचा काही भाग पदभ्रमण करणाऱ्यांसाठी बंद ठेवावा लागला. ह्युऑन पाइनच्या जुन्या बनांना वाचवण्यासाठी तुकड्या आत पाठवल्या गेल्या. दहा वर्षांपूर्वी अपवाद वाटलेली घटना आता तिसऱ्यांदा घडली होती.

लावायचं की नाही

राहतो तो लेक मॅकेंझीच्या जळलेल्या कड्यांचा प्रश्न. होबार्टच्या रॉयल टास्मानियन बोटॅनिकल गार्डन्समध्ये राज्यातल्या वन्य वनस्पतींचं बियाणं जपणारं केंद्र आहे. पेन्सिल पाइनची रोपं वाढवता येतात. वॉलबींपासून जपायला कुंपण लागेल आणि कित्येक वर्षं कुणीतरी त्याकडे पाहत राहावं लागेल. आक्षेप तत्त्वाचा आहे. जे रान माणसाचा हात न लागल्याबद्दल वारसा ठरलं, तिथे रोपवाटिकेतली झाडं लावायची, जाळ्या ठोकायच्या, म्हणजे त्याची बाग करायची का? या आक्षेपाचा मला आदर आहे आणि वॉल्स ऑफ जेरुसलेमच्या आतल्या, अजून न जळलेल्या बनांच्या बाबतीत तो मी मान्यही करतो. तिथे माणसाने पाण्याच्या नळ्या तयार ठेवाव्यात आणि बाकी हात मागे घ्यावा.

लेक मॅकेंझीची गोष्ट वेगळी आहे. तिथे धरण माणसाने बांधलं, रस्ता माणसाने नेला, पूर्वी मेंढ्या माणसाने चारल्या आणि जमीन वाळवणारं हवामानही बऱ्याच अंशी माणसाने बदललं. फक्त रोप लावायच्या वेळी माणसाने बाजूला उभं राहावं, हे मला पटत नाही. जिथे थोडा पीट शिल्लक आहे अशा जागा निवडाव्यात, आसपासच्याच बनातलं बी वापरावं, कुंपण घालावं आणि नोंदी ठेवाव्यात. शंभरातली दहा रोपं जगली तरी त्यांचं जुनं बन होईपर्यंत आज काम सुरू करणाऱ्यांपैकी कुणी हयात नसेल, त्यामुळे निधी देताना पाच वर्षांच्या योजनेची चौकट इथे चालणार नाही. आणि पेन्सिल पाइनला पुढच्या वेळी भरघोस बी येईल त्या हंगामात ते गोळा करायला माणसं पठारावर असायला हवीत.